समुद्रात ‘वाया’ जाणाऱ्या पाण्याबद्दल एका ड्रायव्हरची हरकत

मा. संपादक,
स.न.वि.वि.

गेल्या रविवारच्या अंकात आतल्या पानावर कोकणातल्या नद्यांबद्दल मजकूर आला होता. मथळ्यातच ‘समुद्रात वाया जाणारे पाणी’ असं छापलेलं, आणि खाली हे पाणी घाट चढवून दुष्काळी भागात, म्हणजे आमच्याकडं, आणावं अशी मागणी. आमच्या गल्लीच्या कोपऱ्यावरच्या चहाच्या गाड्यावर तो अंक चार दिवस फिरला. आमच्याकडं नळाला चार-पाच दिवसांनी पाणी येतं, त्यामुळं पाण्याचा विषय निघाला की माणसं उभ्या उभ्या दोन कप चहा पितात. सगळ्यांचं मत एकच पडलं, “आणा की ओ, समुद्राला काय कमी हाय?” मी एकटा गप्प बसलो. बोलायला लागलो असतो तर चहावाल्यानं गाडा आवरेपर्यंत संपलं नसतं. म्हणून हे पत्र लिहितोय. लांबलं तर कात्री लावा, पण ‘वाया’ या शब्दाबद्दलचं तेवढं कापू नका.

मी शास्त्रज्ञ नाही, मास्तरही नाही. एसटीत तेवीस वर्षं स्टिअरिंग धरलं, त्यातली निम्मी तरी रत्नागिरीच्या मुक्कामी गाडीवर. पहाटे सोलापूर सोडायचं, दुपारी उशिरा रत्नागिरी गाठायची, रात्र तिथं काढायची, दुसऱ्या दिवशी परत. साडेतीनशे किलोमीटरच्या वरचा रस्ता. एवढ्या रस्त्यात किती पूल लागतात ते ड्रायव्हरला पाठ असतं, कारण पुलावर गाडीचा आवाज बदलतो आणि झोपलेली पॅसेंजरं जागी होऊन “कुठं आलो?” विचारतात. बेगमपूरला भीमा. मंगळवेढा सोडल्यावर सांगोल्याच्या बाजूला माण, निम्मं वर्ष कोरडी. अंकलीच्या पुलाखाली कृष्णा, पुढं पंचगंगा, आणि मलकापूरच्या अंगाला कडवी. या सगळ्या नद्या पूर्वेला जाणाऱ्या. मी पश्चिमेला निघालेलो आणि पाणी माझ्या उलट्या अंगानं सोलापूरच्या दिशेला. आंबा घाटापर्यंत हे असंच चालायचं. घाटमाथा ओलांडला की पाणी माझ्याबरोबर उतरायला लागायचं.

हे मला बरीच वर्षं कळलं नव्हतं. जुलै महिन्यात एकदा आंब्याला धुकं एवढं दाटलं की बॉनेटपुढं काही दिसेना. माथ्यावर गाडी कडेला घेऊन थांबलो. टपावर पाऊस आपटत होता आणि पुढच्या काचेवरून नि मागच्या शिडीवरून पाण्याच्या धारा लागल्या होत्या. कंडक्टर मलकापूरकडचा, माहीतगार माणूस. म्हणाला, “ड्रायव्हरसाहेब, मागच्या चाकाखालचं पाणी कडवीला जाणार. कडवी वारणेला मिळते, वारणा हरिपूरला कृष्णेला, आणि कृष्णा पार आंध्रात समुद्राला. पुढच्या चाकाखालचं पाणी मात्र काजळीत उतरणार आणि रात्रीपर्यंत भाट्याला पोचणार.” थट्टेतच म्हणाला असेल, घाटमाथ्याची रेघ काही माझ्या गाडीच्या मधोमध नव्हती. पण हिशेब खरा आहे. त्या माथ्यावरून एका अंगाला हजारावर किलोमीटरची वाट आणि दुसऱ्या अंगाला समुद्र सरळ रेषेत पन्नासेक किलोमीटर. सोलापूरहून पंढरपूरसुद्धा त्याहून लांब आहे.

काजळी म्हणजे एवढीच नदी. तुमच्या लेखात तिचं नाव नव्हतं, ‘कोकणातील नद्या’ असं एकगठ्ठा लिहिलं होतं. पण या नद्या एकेक करून बघायला पाहिजेत. काजळी साखरप्याला रस्त्याशेजारी भेटते. तिथून रस्ता नाणीज, पाली, हातखंबा करत रत्नागिरीला जातो आणि नदी दक्षिणेकडं वळून मुंबई-गोवा रस्त्यावरच्या आंजणारीच्या पुलाखालून, चांदेराई, हरचेरी करत खाली येते. दोघांची गाठ पुन्हा पडते ती रत्नागिरी शहराच्या दक्षिणेला, भाट्याच्या खाडीवर. एका बाजूला राजिवडा, दुसऱ्या बाजूला भाट्ये, मधे पूल. पुलावर उभं राहून पूर्वेकडं बघितलं की खाडी आणि कांदळवन, पश्चिमेकडं बघितलं की खाडीचं तोंड, वाळूचा दांडा, त्यामागं सुरूचं बन आणि समुद्र.

मुक्कामाच्या गाडीवर संध्याकाळ मोकळी असते. बाकीचे पत्ते कुटायचे, मी चालत भाट्याला जायचो. सोलापूरच्या माणसाला एवढं पाणी एका जागी फक्त सिद्धेश्वरच्या तळ्यात नाहीतर उजनीवर दिसतं, त्यामुळं सुरुवातीला मीही तेच म्हणायचो. स्टँडमागं एक काकी खानावळ चालवायच्या. खाडीकाठच्याच, सकाळी ओहोटीला स्वतः खाडीत उतरून तिसऱ्या (खाण्याचे शिंपले) काढायच्या आणि दुपारी आम्हाला रांधून घालायच्या. मी सोलापूरहून त्यांना शेंगा चटणी आणि कडक भाकरी न्यायचो. पहिल्यांदा भाकरी हातात घेऊन त्यांनी टेबलावर वाजवून बघितली होती. तर त्यांना मी एकदा जेवताना म्हणलं, “काकी, केवढं गोडं पाणी रोज समुद्रात वाया चाललंय तुमचं.” त्यांनी वाढता वाढता पळी थांबवली. “वाया? दादा, नदी खाली आली नाही तर खाडी खारट होईल, आणि खाडी खारट झाली तर तुमच्या ताटात काय वाढू, शिंपल्या?” मग म्हणाल्या, “उद्या सकाळी गाडी किती वाजता? नऊला? मग सहाला या माझ्याबरोबर.”

गेलो. ओहोटी होती. गुडघाभर चिखल आणि वाळू, त्यात दहा-बारा बायका वाकलेल्या. काकींनी वाळूवरची जागा बोटानं दाखवली. शेजारी शेजारी दोन बारीक भोकं, सुईनं टोचल्यासारखी. “हा तिसरीचा श्वास.” लोखंडी पट्टीनं उकरलं की चार बोटांखाली तिसरी. पट्टी नसली तर त्या अनवाणी पायाच्या अंगठ्यानं चाचपायच्या, लागली की वाकून काढायची. माझ्या पायाला सगळंच दगडासारखं लागत होतं. तासाभरात त्यांची टोपली निम्मी भरली आणि माझ्या हाती सात तिसऱ्या नि दोन रिकाम्या शिंपल्या. उठताना त्यांनी ओंजळीत पाणी घेऊन मला चाखायला लावलं. ना गोडं ना खारं. मचूळ. “हीच चव लागते तिला. पावसाळ्यात नुसतं गोडं झालं तरी मरते, मे महिन्यात नुसतं खारं झालं तरी वाढत नाही.” ही मचूळ चव काजळीचं पाणी खाली आल्याशिवाय तयार होत नाही.

पुढं हळूहळू एकेक कळत गेलं. गोडं पाणी हलकं, खारं जड. भरती आत शिरते तेव्हा समुद्राचं पाणी तळातून पाचरीसारखं वर घुसतं आणि नदीचं पाणी त्याच्यावरून बाहेर वाहत राहतं. एकाच जागी वरचं पाणी चाखलं तर मचूळ आणि बादली तळाला सोडून काढलं तर खारट. पावसाळ्यात नदीला जोर असतो, ती ही खारी पाचर तोंडापर्यंत मागं रेटते. मार्चनंतर नदी बारीक होते आणि पाचर आत आत सरकते. मग काठच्या विहिरींना मचूळपणा येतो. म्हणजे आपण ज्याला वाया म्हणतो ते पाणी बारा महिने एक दार लोटून धरायचं काम करतं. नदी वरच अडवली तर ते दार उघडं पडेल आणि खार आत येऊन बसेल. आत आलेली खार पुन्हा बाहेर काढायला एक पावसाळा पुरत नाही असं खाजणातले, म्हणजे खाडीकाठच्या खाऱ्या जमिनीतले, शेतकरी सांगायचे.

कोळंबीचं तर अजबच आहे. ती अंडी घालते समुद्रात, पण पिल्लं डोळ्यांना जेमतेम दिसण्याएवढी असताना भरतीबरोबर खाडीत येतात, कांदळवनाच्या मुळांत वाढतात आणि थोराड झाली की परत समुद्रात जातात. बोय माशाची पिल्लंही अशीच आत येतात. म्हणून राजिवड्याचा मच्छीमार बाहेर दर्यात जाळं टाकतो तेव्हा त्याच्या जाळ्यातला बराच माल अशा खाड्यांतच मोठा झालेला असतो. कांदळवन म्हणजे काय असतं ते आमच्या लोकांना फोटोवरून कळणार नाही. तिवराची मुळं चिखलातून उलटी वर येतात, पेन्सिलीएवढी, हजारोंनी, दाट, सरळ. मला बघता क्षणी आमच्या अशोक चौकातल्या मागाची फणी आठवली. चिखलात हवा नसते, म्हणून ती वर येऊन श्वास घेतात. तिवर आहे, चिपी आहे. गाळ त्यांच्यात अडकतो आणि लाटेचा जोर तिथं मरतो. काकी लहानपणी चिपीच्या झाडाखालून हातानं कुर्ल्या काढायच्या, एकीनं धरलेल्या अंगठ्याची खूण अजून दाखवायच्या.

आता खाडी म्हणजे मुळात काय, हे मला रत्नागिरीच्याच एका निवृत्त प्राध्यापकांनी गाडीत सांगितलं. ते नेहमी केबिनजवळच्या सीटवर बसायचे. वीसेक हजार वर्षांपूर्वी, हिमयुगात, समुद्राची पातळी आजच्यापेक्षा शंभर मीटरहून जास्त खाली होती. किनारा पार पश्चिमेला. तेव्हा काजळीसारख्या नद्यांनी खोल दऱ्या कापल्या. मग बर्फ वितळला, समुद्र वर आला आणि त्या दऱ्यांत शिरला. खाडी म्हणजे अशी बुडालेली दरी. मी म्हणलं, “म्हणजे उजनीत पळसदेवचं देऊळ बुडालं तसं की सर.” ते खूश झाले. म्हणाले, अगदी तसं, फक्त हे धरण निसर्गानं बांधलं. म्हणूनच पूर्व किनाऱ्यावर कृष्णा-गोदावरीचे त्रिभुज प्रदेश आहेत, हजार किलोमीटरचा गाळ आणून पसरलेले, आणि आपल्याकडं मात्र खाड्या. नद्या आखूड, उताराच्या, दगड कठीण. गाळ पसरायला त्यांना ना वेळ मिळतो ना जागा. त्यांनीच पुढं सांगितलं की कृष्णेवर एवढी धरणं झाली की तिचा गाळ खाली पोचायचा कमी झाला आणि तिच्या तोंडाशी किनारा समुद्र खातोय. वरच्यांनी पाणी अडवल्यावर खाली काय होतं ते बघायला फार लांब जायला नको.

एक गोष्ट मात्र मी स्वतः शोधली आणि तिचा मला अभिमान आहे, तेवढी सांगू द्या. भाट्याच्या आणि मांडवीच्या अंगाची वाळू काळी आहे. रत्नागिरीकर त्या बाजूच्या समुद्राला काळा समुद्र म्हणतात आणि उत्तरेकडच्याला पांढरा समुद्र. त्या काळ्या वाळूत मी खिशातलं लोहचुंबक धरलं (स्पीकरचं होतं, गाडीतल्या टेपमधून निघालेलं) तर त्याला मिशा फुटल्यासारखी काळी कणी चिकटली. लोहाची खनिजं, मॅग्नेटाइट वगैरे. सरांना दाखवलं तर म्हणाले, हे सह्याद्रीच्या काळ्या पाषाणातूनच सुटून आलेलं. आणि आमच्या मंगळवेढ्याची ज्वारीची काळी रानं कशाची झाली? त्याच पाषाणाची. आपल्याकडं पाऊस साडेपाचशे मिलिमीटरच्या आसपास, म्हणून दगड झिजून काळी माती झाली, पाणी धरून ठेवणारी. रत्नागिरीत पाऊस त्याच्या पाच-सहा पट, म्हणून त्याच दगडातलं बाकीचं धुऊन गेलं आणि लोह-ॲल्युमिनियम राहून तांबडा जांभा झाला. बाप एकच, एक लेक काळी आणि एक तांबडी. हे मी चहाच्या गाड्यावर सांगितलं तेव्हा कुणी विश्वास ठेवला नाही.

जांभ्याचं आणखी एक. तो चाळणीसारखा आहे. एवढा पाऊस पडून एप्रिल-मेमध्ये रत्नागिरी जिल्ह्यातल्या कित्येक वाड्यांना टँकर लागतो. हे सोलापुरात सांगितलं की लोक हसतात, कोकणात टँकर? पण मी ते टँकर घाटाच्या पायथ्याशी उभे बघितलेत, हंडे घेऊन ताटकळलेल्या बायकांसकट. ज्यांचं पाणी आपण जास्त झालंय म्हणतो त्यांच्या घरात ते असं असतं.

आता माझी फजिती सांगतो, कारण दर सुट्टीला आमच्या सोलापूरच्या गाड्या भरून तिकडं जातात आणि समुद्राचं पाणी समोरून येतं असं सगळ्यांना वाटतं. त्रयोदशी होती. साडेचारला गाडी लावली, पाचला भाट्याला पोचलो. ओहोटी नुकतीच संपलेली, तोंडाशी वाळूचा लांबलचक पट्टा उघडा. चपला काढून, डबा शेजारी ठेवून टोकाला बसलो. समोर पाणी माझ्यापासून पन्नास पावलं लांब, म्हणून मी निवांत. सूर्य गेला, अंधारलं, उठून मागं वळलो तर माझ्या आणि किनाऱ्याच्या मधे कमरेएवढं पाणी. खाडीत भरती आधी पाठीमागच्या खोलगट वाटांनी भरते आणि मग उंचवट्यावर येते. पूनव जवळ आलेली, म्हणजे उधाणाचे दिवस, पाणी साधारण पुरुषभर चढणार. राजिवड्याचा एक पोरगा होडी घेऊन आला म्हणून बरं. डबा गेला, एक चप्पल गेली. पोरगा म्हणाला, “काका, तिथी बघितली नाय काय?”

मग त्यांचा हिशेब मी शिकलो. तिथीची पाऊणपट. तिथीला तीननं गुणायचं, चारनं भागायचं, उत्तर येईल ती भरतीची वेळ, सकाळ-संध्याकाळ दोन्हीकडं. अष्टमीला सहा. त्रयोदशीला पावणेदहा. पौर्णिमेला आणि अमावस्येला सव्वाअकरा. शुद्ध पक्ष असो वा वद्य, मोजणी तीच. त्यापुढं सहा-सव्वासहा तासांनी ओहोटी. पूनव-अवसेला पाणी जास्त चढतं आणि जास्त उतरतं, ते उधाण. अष्टमीच्या सुमाराला कमी, त्याला भांग म्हणतात. भरती रोज पाऊण तासानं लेट असते, पण किती लेट ते आधी सांगते, त्यामुळं मला ती आवडते. मिनिटाला मिनिट जुळत नाही हे खरं, पण चप्पल वाचायला पुरतं.

हाच हिशेब चांदेराईच्या बाजारातले दुकानदारही करतात. काजळीला पूर आला की चांदेराईच्या बाजारपेठेत पाणी शिरतं, ही दर पावसाळ्याची गोष्ट. एकदा गाडी वर्कशॉपला लागली आणि मला तिथं दोन दिवस मिळाले. मी लोकल गाडीनं चांदेराईला जाऊन आलो. पूर ओसरून आठवडा झाला होता. शटरवर चिखलाची रेघ माझ्या खांद्याएवढी. एक दुकानदार पोती माळ्यावरून खाली घेत होता. मी विचारलं, आधी कळतं कसं? तर म्हणाला, घाटात पाऊस किती ते बघायचं आणि कॅलेंडर बघायचं. पाऊस मोठा पण अष्टमी असेल तर पोती टेबलावर ठेवली तरी चालतं. पाऊस मोठा आणि अमावस्या असेल तर माळ्यावर. कारण खाली समुद्र फुगलेला असला की खाडी नदीचं पाणी आत घेत नाही, पाणी तुंबतं आणि बाजारात वळतं. एवढ्या लहान नदीत डोंगर आणि समुद्र एकमेकांशी असे भांडतात आणि मधे माणूस पोती चढवतो. ज्यांना वाटतं की कोकणाची नदी म्हणजे उघडा नळ आणि खाली समुद्राचं गटार, त्यांनी हा माळा बघून यावं.

आता पाणी घाट चढवण्याबद्दल. हे माझं क्षेत्र आहे, कारण तो घाट मी चढवलाय. साखरप्याहून आंब्याला भरलेली गाडी वर घ्यायची म्हणजे दुसऱ्या गिअरवर इंजिन गुरगुरत, टेम्परेचरच्या काट्यावर डोळा ठेवून. माझी भरलेली गाडी धरा पंधरा टनांची. एक टीएमसी पाणी म्हणजे शंभर कोटी घनफूट, वजनात सुमारे २ कोटी ८३ लाख टन. म्हणजे एक टीएमसी वर न्यायचं तर भरलेल्या जवळजवळ एकोणीस लाख एसटी काही शे मीटर चढवायच्या. आणि उजनीची एकूण साठवण ११७ टीएमसी. मोटारी लावा, बोगदे काढा, वजन तेवढंच राहणार आणि विजेचं बिल कुणीतरी भरणार. हे होणारच नाही असं मी म्हणत नाही. इंजिनियर लोक माझ्यापेक्षा हुशार आहेत. पण लेखात या वजनाचा शब्दही नव्हता.

आणि गंमत बघा, उलट्या दिशेनं पाणी कधीचं चाललंय. मुळशी आणि लोणावळ्याच्या बाजूची धरणं आपल्या भीमेच्या खोऱ्यातली. त्यांचं पाणी घाटाखाली सोडून वीज करतात आणि ते कोकणातल्या नद्यांतून समुद्राला जातं. कोलाडच्या कुंडलिकेला उन्हाळ्यात पाणी दिसतं ते भिऱ्याच्या वीजघरातून आलेलं. कोयनेचं पाणी तर कृष्णेच्या खोऱ्यातलं. कृष्णा पाणीवाटप लवादानं पश्चिमेकडं वळवायला ६७.५ टीएमसीची मर्यादा घातलेली, ते वीज करून वाशिष्ठीत पडतं आणि चिपळूणवरून दाभोळच्या खाडीला जातं. सोलापूरकरांना भांडायचंच असेल तर या पाण्यावर भांडा. ते आधीच वर आहे, चढवायला लागत नाही. त्यावर कुणी निवेदन काढलं तर माझी पहिली सही. विजेचं काय करायचं हा प्रश्न राहतो, तो लहान नाही, पण निदान भांडण बरोबर जागी होईल.

२०२५च्या सप्टेंबरात आमच्या सीनेला पूर आला. लांबोटीच्या पुलापाशी पुण्याचा रस्ता बंद पडला, माढा-मोहोळची गावं पाण्यात, माणसं पत्र्यावर. ते पाणी भीमेतून कृष्णेला आणि शेवटी समुद्रालाच गेलं. तेव्हा एकाही पेपरनं ‘वाया’ लिहिलं नाही. सगळ्यांनी ‘विसर्ग’ लिहिलं. आपल्या दारातून गेलं की विसर्ग आणि दुसऱ्याच्या दारातून गेलं की वाया, हे मला पटत नाही.

भाट्याच्या तोंडाशी गाळ साचतो हीसुद्धा खरी अडचण आहे. राजिवड्याच्या होड्या बाहेर काढताना त्या उंचवट्यावर लाट फुटते आणि होड्या उलटतात, कितीतरी वर्षं मच्छीमार गाळ काढा म्हणून मागणी करतायत. नदीला तोंडाशी जोर राहिला नाही की वाळू तिथं बसते, हे त्या होडीवाल्या पोरानं मला कधीच सांगितलं होतं. आता वरचं पाणी आणखी कमी करा म्हणणाऱ्यांनी आधी त्याच्या होडीत बसून एकदा बाहेर जाऊन यावं. मी एकदा गेलो होतो. पुन्हा गेलो नाही.

माझी मागणी छोटी आहे. यापुढं मथळ्यात ‘समुद्रात वाया जाणारे पाणी’ छापू नका. ‘समुद्राला मिळणारे पाणी’ छापलं तरी चालेल, जागा तेवढीच लागते. योजनांवर खुशाल लिहा, बाजूनं लिहा, विरोधात लिहा. आमच्या चहाच्या गाड्यावरची माणसं तुमच्या मथळ्याच्या पुढं फारसं वाचत नाहीत, म्हणून मथळ्याची एवढी चिंता.

काकींची खानावळ आता बंद आहे. मागच्या हिवाळ्यात गेलो होतो तेव्हा त्यांच्या सुनेनं तिसऱ्या केल्या होत्या, एकशिपी, अर्धी शिंपली ठेवून, ओलं खोबरं घालून. मी कडक भाकरी नेली होती. काकींना आता चावत नाही, त्यांनी ती रश्श्यात बुडवून खाल्ली आणि विचारलं, “पाणी येतं काय हो आता तुमच्याकडं?” मी म्हणलं, येतं, अधूनमधून.

हे पत्र लिहितोय तो आज षष्ठीचा दिवस. भाट्याला साडेचारच्या सुमाराला भरती असेल. आमच्या नळाला पाणी उद्या येणार की परवा, त्याचा हिशेब मात्र कुठल्या तिथीनं लागतो ते तेवीस वर्षं रस्त्यावर काढून आणि उरलेली घरी बसूनही मला सापडलेलं नाही.

आपला,
एक निवृत्त एसटी चालक, सोलापूर
(नाव-पत्ता सोबत दिला आहे, कृपया छापू नये.)